वृषण आक्रसते तेव्हा : कारणे आणि ऊतींमधील बदल

मुलांच्या वाढीचे विकार तपासणाऱ्या डॉक्टरांकडे एका दोऱ्यात ओवलेले बारा अंडाकृती मणी असतात. त्यांतला सर्वांत लहान मणी १ मिलिलिटरचा आणि सर्वांत मोठा २५ मिलिलिटरचा असतो. स्वित्झर्लंडचे बालरोगतज्ज्ञ आंद्रेआ प्राडर यांनी १९६६ साली प्रचारात आणलेले हे साधन आजही टिकून आहे, कारण त्याची रीत अगदी सोपी आहे : एका हाताच्या बोटांनी वृषण चाचपायचे, दुसऱ्या हाताने मणी चाचपायचे आणि जो मणी जुळेल त्यावरचा आकडा नोंदवायचा. वृषण ४ मिलिलिटरचे झाले म्हणजे मुलगा वयात येऊ लागला असे समजतात. प्रौढ पुरुषात ते साधारण १५ ते २५ मिलिलिटरचे असते आणि १२ मिलिलिटरच्या खाली गेले तर लहान मानले जाते. एकदा पूर्ण वाढलेले वृषण पुढे लहान होत गेले तर त्या अवस्थेला वृषणशोष म्हणतात. जे मुळात वाढलेच नाही त्याची गणना काटेकोरपणे वेगळी व्हायला हवी, परंतु प्रत्यक्ष रुग्णासमोर हा भेद सहज कळत नाही आणि तो करायला ऊतींच्या आतच डोकवावे लागते.

वृषणशोष हा स्वतंत्र आजार नाही. संप्रेरकांचा अभाव, उष्णता, तुटलेला रक्तपुरवठा, जंतुसंसर्ग, गुणसूत्रांतील दोष, औषधे आणि विषारी रसायने या सगळ्यांचा शेवट एकसारख्या दिसणाऱ्या लहान वृषणात होऊ शकतो. बाहेरून चाचपणाऱ्याला म्हणूनच फार थोडे कळते. सूक्ष्मदर्शकाखाली मात्र नुकसान कोणत्या भागापासून सुरू झाले, सगळीकडे सारखे झाले की ठिकठिकाणी, आणि वयात येण्यापूर्वी झाले की नंतर, याच्या खुणा बऱ्याचदा शाबूत असतात. उपचार होतील की नाही आणि मूल होण्याची आशा धरावी की नाही, हे आकारापेक्षा या खुणांवर अधिक अवलंबून असते.

वृषणाच्या आत काय असते

वृषणाभोवती पांढरे, चिवट आणि जवळजवळ न ताणणारे आवरण असते. त्याच्या आत सुमारे २५० कप्पे आणि प्रत्येक कप्प्यात एक ते चार शुक्रजनक नलिका असतात. एकेक नलिका उलगडली तर अर्ध्या मीटरहून अधिक लांब भरते, पण तिची जाडी मात्र मिलिमीटरचा पाचवा हिस्सा एवढीच असते. निरोगी वृषण मधोमध कापून चिमट्याने आतली ऊती हलकेच ओढली, तर या नलिका शिजलेल्या शेवयांसारख्या एकामागून एक सुटून येतात. पॅथॉलॉजिस्ट ही साधी परीक्षा काप घेताना हातासरशी करतात. शोष झालेल्या वृषणात नलिका आसपासच्या तंतुमय ऊतीला चिकटून बसलेल्या असल्याने धागा सुटतच नाही, आणि कापलेला पृष्ठभाग पिवळट-तपकिरी दिसण्याऐवजी फिकट आणि घट्ट दिसतो.

वृषणाच्या आकारमानाचा बहुतेक भाग या नलिकांनीच व्यापलेला असतो, म्हणजे वृषण लहान झाले याचा अर्थ जवळजवळ नेहमी नलिका बारीक झाल्या असा होतो. नलिकेच्या आतल्या बाजूला दोन प्रकारच्या पेशी असतात. पहिल्या जननपेशी. नलिकेच्या भिंतीला टेकलेल्या मूळपेशींपासून त्या थराथराने बदलत आतल्या पोकळीकडे सरकतात आणि सुमारे सत्तर दिवसांनी शुक्राणू होतात. दुसऱ्या सर्टोली पेशी. एन्रिको सर्टोली या इटालियन शास्त्रज्ञाने १८६५ मध्ये वर्णन केलेल्या या उंच पेशी जननपेशींना आधार, पोषण आणि संरक्षण देतात, आणि वयात आल्यानंतर त्यांची संख्या वाढत नाही. नलिकांच्या मधल्या मोकळ्या ऊतीत रक्तवाहिन्यांच्या आधाराने लायडिग पेशींचे पुंजके असतात. टेस्टोस्टेरॉन तयार करण्याचे काम त्यांच्याकडे असते.

या तिन्ही पेशींची सहनशक्ती सारखी नाही आणि वृषणशोष समजून घ्यायचा तर नेमकी हीच गोष्ट आधी ध्यानात घ्यावी लागते. झपाट्याने विभागणाऱ्या जननपेशी सर्वांत नाजूक असतात, सर्टोली पेशी बऱ्याच चिवट आणि लायडिग पेशीही चिवट. त्यामुळे ज्याच्या वृषणात एकही शुक्राणू तयार होत नाही, अशा पुरुषाला दाढी-मिशा, घोगरा आवाज, कामेच्छा आणि ताठरता हे सगळे नेहमीसारखे असू शकते. पुरुषत्व आणि प्रजननक्षमता या दोन गोष्टी एकच समजण्याची आपल्याकडची जी सवय आहे, आणि जिच्या जोरावर रेल्वेच्या रुळांलगतच्या भिंतींवर ‘ताकदी’च्या औषधांच्या जाहिराती रंगवल्या जातात, तिला शरीरशास्त्रात काहीही आधार नाही.

रक्ताच्या तपासणीतही हा भेद दिसतो. मेंदूच्या तळाशी असलेली पियूषिका ग्रंथी एफएसएच हे संप्रेरक नलिकांसाठी आणि एलएच हे लायडिग पेशींसाठी पाठवते. सर्टोली पेशी उलट दिशेने इन्हिबिन नावाचा संदेश पाठवून एफएसएचला आवर घालतात. जननपेशी नष्ट झाल्या की इन्हिबिन घटते आणि एफएसएच वाढते. लायडिग पेशीही निकामी झाल्या तर टेस्टोस्टेरॉन घटून एलएचही वाढते. वृषणे लहान आणि दोन्ही संप्रेरके मात्र कमी, असे आढळले तर बिघाड वृषणात नसून वरच्या ग्रंथीत आहे, असा अंदाज बांधता येतो.

ऊतीचा ऱ्हास कसा होतो

नुकसान सौम्य असेल तर जननपेशींचे थर केवळ विरळ होतात. ते वाढले की पेशींची प्रगती एखाद्या टप्प्यावर अडते. नलिकेत सुरुवातीच्या पेशी भरपूर दिसतात, पण शेपटी असलेले शुक्राणू दिसत नाहीत. त्याही पुढे गेले की जननपेशी संपतात आणि नलिकेत फक्त सर्टोली पेशींची एक ओळ उरते. हे चित्र १९४७ साली ब्युनोस आयर्समधील देल कास्तियो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वर्णन केले. काही पुरुषांत ते जन्मापासूनच असते, काहींत ते नुकसानाचा परिणाम असते.

यानंतर नलिकेची भिंत जाड होऊ लागते. भिंतीच्या बाहेर कोलॅजन या चिवट तंतुमय प्रथिनाचे थर साचतात, पोकळी बुजत जाते आणि शेवटी सर्टोली पेशीही नाहीशा होऊन नलिकेच्या जागी गुलाबी, एकजिनसी, काचेसारखा दिसणारा गोल ठिपका तेवढा राहतो. नलिका इथवर पोहोचली की तिच्यात पुन्हा काही उगवत नाही. या सगळ्या काळात लायडिग पेशींचे पुंजके मात्र ठळक होत गेल्यासारखे दिसतात. नवख्या डोळ्याला त्यांची वाढ झाली असे वाटते, पण बऱ्याचदा नलिका आक्रसल्यामुळे तेवढ्याच पेशी कमी जागेत एकवटलेल्या असतात. अहवालात ‘लायडिग पेशींची वाढ’ असे शब्द वाचून घाबरून जाणाऱ्या रुग्णाला हे कोणीतरी सांगायला हवे.

संदेश थांबल्यामुळे होणारा शोष

सर्वांत सुधारण्याजोगा शोष हाच, आणि आज तरुणांमध्ये तो जिमच्या वाटेने येतो. वृषणाच्या आतील टेस्टोस्टेरॉनचे प्रमाण रक्तातील प्रमाणाच्या अनेक पट असते, आणि शुक्राणू तयार होण्यासाठी हे आतले प्रमाणच लागते. स्नायू वाढवण्यासाठी कोणी टेस्टोस्टेरॉनची किंवा नॅन्ड्रोलोनसारख्या स्टेरॉइडची इंजेक्शने घेतली की रक्तात संप्रेरक मुबलक आहे असे पाहून पियूषिका ग्रंथी एलएच आणि एफएसएच पाठवणे बंद करते. लायडिग पेशी स्वस्थ बसतात, वृषणाच्या आतला टेस्टोस्टेरॉनचा साठा कोसळतो आणि रक्तात संप्रेरक भरपूर असतानाही नलिका ओस पडतात. दंड फुगतात आणि वृषणे मऊ व लहान होतात, ही विसंगती त्यामुळेच घडते.

ही यंत्रणा इतकी भरवशाची आहे की जागतिक आरोग्य संघटनेने पुरुषांसाठीचे गर्भनिरोधक म्हणून तिची चाचणी घेतली. १९९० मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात दर आठवड्याला २०० मिलिग्रॅम टेस्टोस्टेरॉन एनान्थेट देण्यात आले आणि अर्ध्याहून अधिक पुरुषांच्या वीर्यात सहा महिन्यांच्या आत एकही शुक्राणू उरला नाही. इंजेक्शने थांबवल्यावर शुक्राणू परत आले. म्हणूनच ‘अशक्तपणा वाटतो, वीर्यात शुक्राणू कमी आहेत’ अशी तक्रार घेऊन आलेल्या माणसाला टेस्टोस्टेरॉन टोचणे हा उपचार नसून नेमका उलटा प्रकार आहे, आणि तो अजूनही होताना दिसतो याचे आश्चर्य वाटते. जिममध्ये वर्षानुवर्षे मोठ्या मात्रेत अनेक स्टेरॉइडे एकत्र घेणाऱ्यांना पूर्वपदावर यायला कित्येक महिने, काहींना वर्षेही लागतात.

सूक्ष्मदर्शकाखाली या प्रकारात सगळ्या नलिका सारख्याच बारीक झालेल्या दिसतात आणि लायडिग पेशी रोडावलेल्या असतात. सुरुवातीच्या काळात भिंतीचा कोलॅजन फारसा वाढलेला नसतो आणि मूळपेशी जागेवर असतात. पियूषिका ग्रंथीची गाठ, दीर्घकाळची उपासमार, प्रोस्टेटच्या कर्करोगासाठी दिलेली संप्रेरकविरोधी औषधे यांतही जवळपास हेच चित्र दिसते. यकृताच्या सिरोसिसमध्ये मात्र गुंतागुंत अधिक असते, कारण मद्य लायडिग पेशींवर थेट घाव घालते आणि आजारी यकृतामुळे शरीरात इस्ट्रोजेनचे पारडे जड होते. अशा रुग्णाची छाती स्त्रियांसारखी वाढणे आणि वृषणे लहान होणे ही जोडी वॉर्डात बऱ्याचदा पाहायला मिळते.

उष्णता, पीळ आणि दाब

वृषणाला शरीराच्या तापमानापेक्षा २ ते ४ अंश सेल्सिअस कमी तापमान लागते आणि म्हणूनच ते पोटाबाहेर पिशवीत असते. गर्भात ते मूत्रपिंडाजवळ तयार होऊन खाली उतरते. पूर्ण दिवस भरून जन्मलेल्या सुमारे ३ टक्के मुलग्यांत ते जन्मतः उतरलेले नसते, आणि पहिल्या वर्षाअखेर हे प्रमाण सुमारे १ टक्क्यावर येते. त्यानंतर ते आपोआप उतरण्याची वाट पाहण्यात अर्थ नसतो. दुसऱ्या वर्षापासूनच जननपेशी घटू लागल्याचे ऊतीत दिसते, म्हणून सहा ते अठरा महिन्यांच्या दरम्यान शस्त्रक्रिया करून वृषण पिशवीत आणून बसवावे, असे आज मानले जाते. ‘मोठा झाला की येईल खाली’ हा घरातल्या वडीलधाऱ्यांचा दिलासा या बाबतीत महाग पडतो. न उतरलेल्या वृषणात पुढे कर्करोगाची शक्यताही काही पटींनी वाढते, आणि दुसरे वृषण जागच्या जागी असले तरी त्याच्याही ऊतीत कधी कधी बदल आढळतात, याचा अर्थ दोष केवळ जागेचा नसावा.

वृषणाला पीळ पडणे हा प्रकार याहून कितीतरी घाईचा. बहुधा १२ ते १८ वर्षांच्या मुलाला अचानक, अनेकदा झोपेतून उठवणारी वेदना होते, उलटी होते आणि वृषण वर ओढले जाते. पिळामुळे आधी पातळ भिंतीच्या शिरा बंद होतात, पण धमनीतून रक्त येतच राहते. त्यामुळे वृषण रक्ताने तुंबून काळे-निळे होते आणि मग मरते. सहा तासांच्या आत पीळ सोडवला तर ते बहुतेक वेळा वाचते आणि चोवीस तासांनंतर क्वचितच वाचते. जननपेशी सर्वांत आधी जातात, म्हणून उशिरा सोडवलेले वृषण वरवर वाचले तरी काही महिन्यांत आक्रसते. लाजेमुळे मुलगा आईला ‘पोटात दुखतंय’ एवढेच सांगतो आणि सकाळ होईपर्यंत ओवा-हिंग चालते, तेव्हा ही मुदत उलटून गेलेली असते.

पीळ जन्मापूर्वीही पडू शकतो. एखाद्या बाळाचे एक वृषण कुठेच सापडत नाही म्हणून शल्यविशारद शोध घेतो, तेव्हा शुक्रवाहिनीच्या टोकाशी काही मिलिमीटरची तंतुमय गाठ तेवढी मिळते. त्या गाठीच्या कापात नलिका नसतात. असतात त्या लोहकणांनी भरलेल्या तपकिरी पेशी आणि चुन्याचे खडे. लोह म्हणजे कधीकाळी तिथे झालेल्या रक्तस्रावाची खूण. इथे वृषण होते, गर्भातच त्याचा रक्तपुरवठा तुटला आणि ते विरून गेले, एवढा निष्कर्ष त्या इवल्याशा तुकड्यावरून निघतो, आणि बाळाच्या पोटात आणखी शोधाशोध करण्याची गरज उरत नाही.

व्हेरिकोसीलमध्ये, म्हणजे वृषणाच्या शिरा फुगण्यात, ऱ्हास संथ असतो. सुमारे १५ टक्के पुरुषांत आढळणारा हा प्रकार बहुधा डाव्या बाजूला असतो, कारण डाव्या वृषणाची शीर मूत्रपिंडाच्या शिरेला काटकोनात जाऊन मिळते आणि रक्त मागे साचते. साचलेले उष्ण रक्त वृषण गार राहू देत नाही. वाढत्या वयाच्या मुलात डावे वृषण उजव्यापेक्षा स्पष्टपणे मागे पडू लागले तर शस्त्रक्रियेचा विचार करतात, आणि त्यानंतर ते बऱ्याचदा वाढ भरून काढते. फार मोठ्या आणि जुन्या हायड्रोसिलमध्येही, म्हणजे वृषणाभोवती पाणी साचण्यात, दाबामुळे शोष होऊ शकतो. हत्तीरोगाचा प्रादुर्भाव असलेल्या पूर्व विदर्भात असे रुग्ण येतात. हर्नियाच्या शस्त्रक्रियेनंतर, विशेषतः हर्निया पुन्हा उद्भवून दुसऱ्यांदा शस्त्रक्रिया करावी लागली असेल तर, रक्तवाहिन्यांना इजा होऊन वृषण आक्रसण्याची थोडी शक्यता असते. नसबंदीत मात्र शुक्राणू वाहून नेणारी नळी तेवढी बांधतात. रक्तवाहिन्यांना धक्का लागत नाही, संप्रेरके पूर्वीसारखीच रक्तात मिसळतात आणि वृषण लहान होत नाही.

गालगुंड आणि कुष्ठरोग

गालगुंड लहानपणी झाले तर वृषणाला सहसा काही होत नाही. वयात आल्यानंतर झाले तर १५ ते ३० टक्के पुरुषांत गाल सुजल्यानंतर साधारण आठवडाभरात वृषण सुजते. आतली ऊती पाणी आणि लसिकापेशींनी फुगते, पण बाहेरचे आवरण ताणत नाही, त्यामुळे वाढलेला दाब नलिकांचा रक्तपुरवठा दाबून टाकतो. सूज आलेल्या वृषणांपैकी सुमारे निम्मी पुढे कमी-अधिक आक्रसतात. हे नुकसान तुकड्यातुकड्यांनी होते. एका कापात चार नलिका काचेसारख्या झालेल्या आणि शेजारच्या चार पूर्ण निरोगी, असे दृश्य दिसते. शिवाय बहुतेकांत एकच वृषण सापडते, म्हणून गालगुंडामुळे कायमचे वंध्यत्व येणे लोकांना वाटते त्यापेक्षा पुष्कळ दुर्मीळ आहे. आपल्या राष्ट्रीय लसीकरण कार्यक्रमात गोवर आणि रुबेलाची लस दिली जाते. गालगुंडाचा घटक तिच्यात नाही, तो असलेली एमएमआर लस बहुधा खासगी बालरोगतज्ज्ञांकडे मिळते.

कुष्ठरोगाविषयी थोडे सविस्तर लिहावेसे वाटते, कारण या रोगाच्या चर्चेत बोटे, डोळे आणि तळपायाच्या जखमा येतात, वृषण येत नाही. कुष्ठरोगाच्या जंतूला शरीराचे थंड भाग मानवतात. १९६० मध्ये चार्ल्स शेपर्ड यांनी हा जंतू प्रयोगशाळेत वाढवला तो उंदराच्या तळपायात, ते याच कारणाने. माणसात नाक, कानाची पाळी आणि हातापायांची त्वचा यांबरोबर वृषणही त्याला सोयीचे असते. जंतूंची संख्या अफाट असलेल्या लेप्रोमॅटस प्रकारात जंतू आधी रक्तवाहिन्यांच्या भिंतींत आणि नलिकांमधल्या ऊतीत शिरतात. तिथे जंतूंनी भरलेल्या, फेसाळ दिसणाऱ्या भक्षकपेशी जमतात. मग नलिकांची भिंत जाड होते, जननपेशी जातात आणि अखेरीस नलिका, लायडिग पेशी व रक्तवाहिन्या सगळेच तंतुमय ऊतीत गडप होते. शरीराची जंतूंविरुद्धची प्रतिक्रिया अचानक उसळते त्या काळात वृषण अचानक सुजून हा प्रवास झपाट्याने पुढे जातो.

इथे लायडिग पेशीही मारल्या जातात, हा गालगुंडापेक्षा महत्त्वाचा फरक आहे. त्यामुळे केवळ वंध्यत्व येत नाही, तर टेस्टोस्टेरॉनच घटते, छाती वाढते, दाढी विरळ होते, हाडे ठिसूळ होतात. बहुविध औषधोपचार १९८० च्या दशकात आले आणि लवकर निदान झालेल्यांत ही अवस्था आता टळते. तरीही विदर्भात आजही नवे रुग्ण सापडतात आणि जंतूमुक्त झालेल्या जुन्या रुग्णांपैकी किती जणांची संप्रेरके तपासली गेली असतील, असा प्रश्न पडतो. ही तपासणी फार खर्चिक नाही आणि कमतरतेवर उपचार आहे.

काळ सांगणारे तंतू

वृषणशोषाचे जन्मजात कारण म्हणून सर्वाधिक आढळणारा प्रकार क्लाइनफेल्टर सिंड्रोम. बॉस्टनमध्ये हॅरी क्लाइनफेल्टर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९४२ साली लहान, टणक वृषणे आणि वाढलेली छाती असलेल्या नऊ पुरुषांचे वर्णन केले. त्यामागे एक जादा एक्स गुणसूत्र असते हे १९५९ मध्ये एडिनबरो येथे पॅट्रिशिया जेकब्ज आणि जॉन स्ट्राँग यांनी दाखवले. सुमारे ६०० ते ७०० मुलग्यांत एकाला हा प्रकार असतो, आणि त्यांतल्या अनेकांना तो मूल होत नाही म्हणून तपासणी होईपर्यंत ठाऊकच नसतो. बाळपणी वृषणात जननपेशी असतात. वयात येताना, संप्रेरकांचा जोर वाढला की, त्या झपाट्याने नष्ट होतात आणि नलिका काचेसारख्या होतात. तंतुमय झालेले हे वृषण २ ते ४ मिलिलिटरचे आणि बोटांना टणक लागते. याउलट रसायनांनी किंवा स्टेरॉइडांनी शोष झालेले वृषण मऊ लागते.

काचेसारख्या झालेल्या दोन नलिका, एक क्लाइनफेल्टरची आणि एक प्रौढपणी झालेल्या गालगुंडाची, नेहमीच्या रंजकाने रंगवून शेजारी ठेवल्या तर अनुभवी माणूसही गोंधळू शकतो. मग लवचीक तंतूंना काळा रंग देणारे वेगळे रंजक वापरतात. नलिकेच्या भिंतीत हे तंतू वयात येतानाच तयार होतात, त्याआधी नसतात. गालगुंडाने मेलेल्या नलिकेभोवती काळ्या तंतूंचे कडे उमटते, कारण ती नलिका एकदा पूर्ण प्रौढ होऊन मग नष्ट झालेली असते. क्लाइनफेल्टरच्या नलिकेभोवती ते कडे नसते किंवा अगदी तुटक असते, कारण तिला प्रौढ होण्याची संधीच मिळालेली नसते. जे वाढलेच नाही आणि जे वाढून आक्रसले, यांतला भेद पॅथॉलॉजिस्ट असा ओळखतो.

रसायने, औषधे, किरणे

१९७७ मध्ये कॅलिफोर्नियातील लॅथ्रॉप येथील कीटकनाशकांच्या कारखान्यात कामगारांच्या आपसांतल्या बोलण्यातून एक गोष्ट पुढे आली : बऱ्याच जणांना अलीकडे मूल झालेले नव्हते. तपासणीत अनेकांच्या वीर्यात शुक्राणू फार कमी किंवा अजिबात नसल्याचे आढळले. कारण होते डायब्रोमोक्लोरोप्रोपेन, मुळांवरील सूत्रकृमी मारणारे रसायन. त्यांच्या बायोप्सीत जननपेशी गेलेल्या आणि सर्टोली व लायडिग पेशी राहिलेल्या दिसत होत्या. या माणसांना स्वतःत कोणताही बदल जाणवला नव्हता, तो याच कारणाने. चीड आणणारी बाब अशी की प्रयोगशाळेतील प्राण्यांमध्ये या रसायनाने वृषणशोष होतो हे १९६१ मध्येच छापून आले होते. अमेरिकेत १९७९ मध्ये त्याच्या बहुतेक वापरांवर बंदी आली. कमी काळ संपर्क आलेल्या काहींचे शुक्राणू परत आले. ज्यांच्या मूळपेशीच संपल्या होत्या त्यांचे आले नाहीत.

कर्करोगावरील औषधांतही हाच नियम लागू पडतो. सायक्लोफॉस्फमाइडसारखी औषधे मूळपेशींना मारतात आणि मात्रा जितकी जास्त तितकी परतीची आशा कमी. किरणोत्साराच्या बाबतीत वृषणाचे वागणे चमत्कारिक आहे. इतर ऊतींना तीच मात्रा थोडी थोडी विभागून दिली तर कमी त्रास होतो, वृषणाच्या जननपेशींना मात्र विभागलेली मात्रा अधिक बाधते. लायडिग पेशी प्रौढात सुमारे ३० ग्रेपर्यंत (ग्रे हे किरणांची मात्रा मोजण्याचे एकक) तग धरतात, तर जननपेशींवर एका ग्रेच्या अंशाचाही परिणाम दिसतो. केमोथेरपी किंवा किरणोपचार सुरू होण्यापूर्वी वीर्य गोठवून ठेवण्याची सोय महाराष्ट्रातील मोठ्या शहरांत आहे. निदानाच्या धक्क्यात ती विचारायची राहून जाते, म्हणून ती रुग्णाने नव्हे तर डॉक्टरांनी काढायची गोष्ट आहे.

बायोप्सी वाचताना

वृषणाचा तुकडा नेहमीच्या फॉर्मॅलिनमध्ये टाकला तर नलिका आकुंचन पावतात आणि पेशी भिंतीपासून सुटतात. म्हणून पिक्रिक आम्ल असलेले पिवळे बूइन द्रावण पसंत करतात. शल्यगृहात ते तयार नसेल तर महत्त्वाचा तुकडा वाया जातो आणि हे दुर्दैवाने घडते. १९७० मध्ये जॉन्सन यांनी प्रत्येक नलिकेला १ ते १० गुण देऊन सरासरी काढण्याची पद्धत मांडली : १ म्हणजे नलिकेत कोणतीही पेशी नाही, १० म्हणजे शुक्राणूनिर्मिती परिपूर्ण. पद्धत उपयुक्त आहे, पण सरासरी इथे फसवी ठरते. सगळ्या नलिका ५ गुणांच्या असणे आणि निम्म्या ९ गुणांच्या व निम्म्या १ गुणाच्या असणे, यांची सरासरी सारखी येते. पहिल्या रुग्णाला शुक्राणू मिळणार नाहीत, दुसऱ्याला मिळतील.

आणखी एका गोष्टीसाठी पॅथॉलॉजिस्ट शोष झालेल्या वृषणाचा काप बारकाईने पाहतो. नलिकांच्या भिंतीलगत मोठ्या केंद्रकाच्या, फिकट शरीराच्या विकृत जननपेशींची रांग दिसली तर ती पुढे होणाऱ्या कर्करोगाची पूर्वावस्था असते. कधी वृषणात केवळ एक तारकाकृती व्रण सापडतो आणि गाठ मात्र पोटातील लसिकाग्रंथींत वाढलेली असते, कारण मूळ गाठ वृषणातल्या वृषणातच विझून गेलेली असते. कोणतेही कारण नसताना तरुण माणसाचे एकच वृषण लहान होत चालले असेल, तर सोनोग्राफी टाळू नये.

नुकसान ठिकठिकाणी असते, या गोष्टीचाच फायदा १९९९ पासूनच्या एका शस्त्रक्रियेने घेतला. न्यूयॉर्कच्या पीटर श्लेगल यांनी मांडलेल्या या पद्धतीत वृषण उघडून शस्त्रक्रियेच्या सूक्ष्मदर्शकाखाली नलिका पाहतात. ओस पडलेल्या नलिका बारीक आणि पारदर्शक दिसतात, जिच्यात जननपेशी भरलेल्या असतात ती जाड आणि दुधाळ दिसते. अशी एखादी नलिका सापडली तर तेवढीच काढून तिच्यातले शुक्राणू आयव्हीएफ प्रयोगशाळेत बीजांडात सोडतात. २ मिलिलिटरची टणक वृषणे असलेल्या क्लाइनफेल्टरच्या पुरुषांतही सुमारे ४० ते ५० टक्के वेळा शुक्राणू हाती लागतात. त्यासाठी वृषणाच्या आत शिल्लक असलेले टेस्टोस्टेरॉन टिकून असावे लागते. म्हणून मूल हवे असलेल्या अशा पुरुषाला बाहेरून टेस्टोस्टेरॉन सुरू करण्यापूर्वी त्याला शुक्राणूंच्या शोधासाठी तज्ज्ञाकडे पाठवायचे असते. इंजेक्शने आधीच सुरू झाली असतील तर ती थांबवून काही महिने वाट पाहावी लागते.